भिंतीवरचे बाबा

चित्रपटात मी बहुधा मेलेला असतो. कधी पहिल्याच दृश्यात मरतो, कधी नावं पडायला लागायच्या आधीच गेलेला असतो. चुकून जिवंत ठेवलाच तर डॉक्टर म्हणून "आता सगळं त्याच्या हातात" एवढं म्हणतो आणि दाराबाहेर पडतो. नाटकात मात्र मी दोन अंक धडधाकट जिवंत असतो, आणि तेवढ्यासाठीच सिनेमात मरायला तयार झालो. ते कसं घडलं हे लोक मला विचारतात. खरं तर विचारत नाहीत, पण नटाला न विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं द्यायची सवय असते.

आमच्या नाटकाची गोष्ट साधी आहे. बायको गेलेला एक निवृत्त माणूस, त्याला न्यायला आलेला मुलगा, आणि खराडीतला बाविसाव्या मजल्यावरचा फ्लॅट, जिथे त्या माणसाला जायचं नाही. तो माणूस म्हणजे मी. पडदा उघडतो तेव्हा मी खुर्चीत एकटा बसलेला असतो. मांडीवर शर्ट, एका हातात सुई, दुसऱ्या हातात दोरा. शर्टाचं बटण तुटलंय. इतकी वर्षं बटणं लावणारी बाई आता या घरात नाही, हे कुणी बोलून दाखवत नाही.

दिग्दर्शकाने तालमीच्या पहिल्याच दिवशी मला एक अट घातली होती. सुई खरी, दोरा खरा, आणि दोरा आत गेल्याशिवाय तोंडातून शब्द काढायचा नाही. त्या माणसाला चष्मा सापडत नसतो, त्यामुळे मलाही चष्मा नाही. माझा जवळचा नंबर चांगलाच मोठा आहे, म्हणून तिथे अभिनय करायची वेळ येत नाही. दोरा ओला करायचा, टोक पिळायचं, सुई उजेडाकडे धरायची आणि प्रयत्न करत राहायचं. कधी दोरा पटकन जायचा. कधी जायचाच नाही, आणि मुलाचं काम करणारा नट विंगेत ताटकळत मला मनातल्या मनात शिव्या घालायचा.

पुण्याच्या प्रेक्षकाला गप्प बसवणं म्हणजे काय, हे ज्याने केलंय त्यालाच ठाऊक. तिसरी घंटा झाली तरी कुणीतरी दुसऱ्याच्या खुर्चीत बसून स्वतःचं तिकीट वाचून दाखवत असतो. वेफर्सची पिशवी उघडली जाते. "अहो, तो एसी जरा कमी करायला सांगा" असं डोअरकीपरला ऐकवलं जातं. तिकिटाचे पैसे दिलेत म्हटल्यावर खोकलाही पूर्ण वसूल केला जातो. आणि मग माझा दोरा एकदा हुकतो, दुसऱ्यांदा हुकतो, आणि हळूहळू सगळं बंद होतं. पिशवी थांबते, खोकला थांबतो. शेवटच्या रांगेपर्यंत सगळे माझ्याबरोबर त्या सुईच्या भोकात बघायला लागतात. दोरा आत गेला की सगळीकडून सुस्कारा ऐकू येतो.

ती शांतता ही माझी आयुष्यातली कमाई. पुरस्कारांच्या वेळी मी नेहमी परीक्षकांच्या "विशेष उल्लेखा"त असतो, म्हणजे चहापुरता. पण ती शांतता माझी होती. मला तिचं वेड लागलं होतं, आणि दुसऱ्या कुणाला ती मिळेल ही कल्पनाही मला सहन व्हायची नाही.

आणि नेमकी तीच वेळ आमच्या निर्मात्यांनी आणली.

आमचे निर्माते मार्केट यार्डात कांदा-बटाट्याचे आडते आहेत. मनाने चांगला माणूस. नाटकावर प्रेम आहे, फक्त ते प्रेम कांद्याच्या हिशेबात व्यक्त होतं. मीटिंगही गाळ्यावरच होते. एका सकाळी त्यांनी मला बोलावून घेतलं, चहा मागवला आणि एका गोणीवर हात ठेवून म्हणाले, "सर, तुमचा माल एक नंबर हाय. त्यात वाद न्हाय. पण गोणीवर छाप न्हाय."

"म्हणजे?"

"पेपरात जाहिरात देतो, तुमचा फोटू टाकतो. लोक इचारत्यात, हे कोन?"

"नाटक बघितल्यावर विचारत नाहीत."

"पन बघाय आलं तर पायजेल ना! आता एक जन तयार हाय. मालिकेत सासऱ्याचं काम करतो. बायका रस्त्यात थांबवून त्याच्या पाया पडत्यात."

मी फार शांतपणे विचारलं, "त्यांना सुई ओवता येते का?"

"ओवलेली देऊ की," ते म्हणाले.

त्यांच्या आवाजात चेष्टा नव्हती. खरोखरच त्यांना तो प्रश्न सुटल्यासारखा वाटला. मग माझा चेहरा बघून त्यांना दया आली असावी. म्हणाले, "दिवाळीनंतर नवी जाहिरात काढायचीय. तवर एखांदा सिनेमा करा. लोकांना तोंड दिसू द्या. मग कशाला दुसरा आनतोय मी?"

इतकी वर्षं मी सिनेमाला नाकं मुरडली होती. तुकड्यातुकड्यात काय अभिनय करायचा, समोर प्रेक्षक नाही तर कुणासाठी करायचा, वगैरे. ही भाषणं मी ज्या कट्ट्यावर ठोकली होती त्याच कट्ट्यावर बसून मी आता ओळखीच्या लोकांना फोन लावायला लागलो. लाज वाटली. फोन मात्र लावत राहिलो.

एका चित्रपटाच्या कास्टिंगसाठी बोलावणं आलं. ऑफिस म्हणजे एक फ्लॅट होता. बसायला खुर्च्या नव्हत्या, मोठाल्या मऊ पिशव्या होत्या. मी एकीत बसलो तो बुडालोच. समोरची कास्टिंगवाली मुलगी फारच आदबीने बोलत होती.

"सर, तुमचा फेस ना, खूप रिलेटेबल आहे. आम्ही कितीजण बघितले. पण गेलेल्या बाबांचा फेस हाच, असं डिरेक्टर लगेच म्हणाले."

"गेलेल्या?"

"हो सर, हीरोचे बाबा. म्हणजे स्टोरी सुरू होते तेव्हा ते ऑलरेडी गेलेत."

"मग मी फ्लॅशबॅकमध्ये आहे."

"फ्लॅशबॅक होता सर, पण तो बजेटमध्ये बसत नाहीये. तुम्ही फोटोत आहात. पण सर, मोठा फोटो आहे! हीरोच्या हॉलमध्ये, समोरच्या भिंतीवर. जवळजवळ प्रत्येक सीनमध्ये दिसणार. हिरोइनपेक्षा जास्त स्क्रीनटाइम आहे तुमचा."

नकार द्यायचा असता तर उठून उभं राहावं लागलं असतं, आणि त्या पिशवीतून मला एकट्याला उठता येत नव्हतं. दोघांनी हात देऊन उठवलं तोवर मी हो म्हणून बसलो होतो.

घरी सांगितलं. बायको भाजी निवडत होती. तिने मान वर न करता विचारलं, "हार खरा घालणार की चंदनाचा?"

"ते मी कसं विचारणार?"

"चंदनाचाच घालतील. रोज कोण बदलत बसणार. आणि हसरा फोटो द्या हं. घरच्यांना रोज बघायचा असतो तो."

आमच्याकडे जिवंत माणसाच्या फोटोला कुणी हार घालत नाही. माझी आई असती तर तिने मला घराबाहेर पाऊल टाकू दिलं नसतं. बायको तशी नाही, पण त्या संध्याकाळी तिने देवापुढे दिवा जरा जास्त वेळ ठेवला.

फोटो काढायच्या दिवशी मी तयारीनिशी गेलो. सिनेमाचा दिग्दर्शक माझ्या नाट्यशिबिरातल्या पोरांच्या वयाचा होता. मी त्याला म्हटलं, "मला फक्त एवढं सांगा, मी कशाने गेलोय?"

"म्हणजे सर?"

"आजार, अपघात, की झोपेत? अंथरुणावर पडून गेलो असेन तर डोळे वेगळे लागतील."

तो विचारात पडला. "सर, ते आपण ओपन ठेवलंय."

"बरं. मुलावर राग आहे का माझा?"

"सर, तुम्ही फक्त लेन्समध्ये बघा."

मी बघितलं. तीस-पस्तीस वर्षांचा अनुभव पणाला लावून बघितलं. मुलाबद्दल काळजी, थोडी निराशा, राहून गेलेलं काहीतरी. दिग्दर्शक कॅमेऱ्याच्या पडद्याकडे बघत कान खाजवायला लागला. "सर, प्लीज, डोळ्यांनी ॲक्टिंग नका ना करू. फोटो वाटत नाहीये."

शेवटी मला कंटाळा आला आणि मी जेवायच्या सुट्टीचा विचार करत बसलो, तेव्हा "परफेक्ट!" असा आवाज आला. हीच माझी चित्रपटातली सर्वांत गाजलेली भूमिका.

शूटिंग संपल्यावर प्रॉडक्शनवाल्यांनी माणुसकी दाखवली. ती भलीमोठी फ्रेम आठवण म्हणून टेम्पोतून माझ्या घरी पाठवून दिली, चंदनाच्या हारासकट. त्या दिवशी आमची लिफ्ट बंद होती आणि घरी कुणी नव्हतं. टेम्पोवाल्याने फ्रेम खाली लॉबीत भिंतीला टेकवली आणि निघून गेला. पुढचं काम आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींनी केलं. तत्पर माणूस. तासाभरात सोसायटीच्या ग्रुपवर मजकूर पडला, "आपल्या बी विंगमधील ज्येष्ठ रंगकर्मी यांचे दुःखद निधन. भावपूर्ण श्रद्धांजली."

मी तालमीत होतो. फोन बघितला तेव्हा हात जोडलेल्या चित्रांची रांग लागली होती. एका काकांनी "स्वभावाने तिरसट होते पण कलाकार चांगले" असं लिहिलं होतं. आणि त्याखाली सी विंगमधल्या एका गृहस्थांनी लिहिलं होतं, "दुःखद. त्यांची कव्हर्ड पार्किंगची जागा आता कोणाकडे जाणार? माझा अर्ज प्रलंबित आहे."

मी लिहिलं, "मी जिवंत आहे. गाडीही चालू आहे."

मग त्याच गृहस्थांचं उत्तर आलं, "बरं. गैरसमज झाला. अर्ज मात्र विचारात ठेवावा." सेक्रेटरींनी आपला मजकूर पुसला नाही. म्हणाले, कधीतरी लागेलच.

चित्रपट लागला आणि चालला, चांगला दणकून चालला. त्यात हीरोचं सगळं बिनसत जातं आणि तो पुन्हा पुन्हा माझ्या फोटोसमोर येऊन रडत म्हणतो, "बाबा, काहीतरी बोला ना!" मी बोलत नाही. ते वाक्य तरुण पोरांनी उचललं. कॉलेजात, ऑफिसात, मिसळीची वाट बघताना, सिग्नलला, कुणी गप्प बसलं की "बाबा, काहीतरी बोला ना!" मोबाईलवर त्याची पन्नास रूपं फिरत होती आणि प्रत्येकात माझा तो जेवणाचा विचार करणारा चेहरा. भाजीवाल्या बाईंनी मला मेथी देता देता हात मागे घेतला. "अगं बाई, तुम्ही तर गेला होता ना?"

निर्मात्यांचा फोन आला. आवाजात आनंद मावत नव्हता. "बसली छाप, सर! आता मी कशाला सासऱ्याला आनतोय!"

दिवाळीनंतर जाहिरात आली. नाटकाच्या नावाच्या वर माझा तोच फोटो, हारासकट, आणि शेजारी मजकूर, "सगळ्यांचे लाडके बाबा आता बोलणार!" मला खरंच आनंद झाला. खोटं कशाला बोलू? भूमिका वाचली होती, सुई वाचली होती. मी ती जाहिरात कापून पाकिटात ठेवली आणि दोनदा काढून बघितली.

पहिला प्रयोग रविवारी दुपारचा होता. हाउसफुल्लची पाटी मी स्वतः बाहेर जाऊन पाहून आलो. बायकोही आली होती, पाचव्या रांगेत. पडदा उघडला. मी खुर्चीत, मांडीवर शर्ट, हातात सुई. आणि टाळ्या पडल्या. आयुष्यात पहिल्यांदा नुसत्या दिसण्याला टाळ्या. "तोच! फोटोतला!" असं कुणीतरी म्हणालं. दहा-वीस मोबाईल वर झाले. मी दोरा ओला केला, टोक पिळलं, पहिला प्रयत्न हुकला. टाळ्या विरल्या. दुसरा हुकला. पिशव्या थांबायला लागल्या, ती ओळखीची शांतता खालच्या रांगांतून वर सरकायला लागली, आणि बाल्कनीतून खणखणीत आवाज आला.

"बाबा, काहीतरी बोला ना!"

सगळं नाट्यगृह हसलं. वाईट मनाने नाही, अगदी प्रेमाने हसलं. कोपऱ्यातल्या दोघांनी तेच पुन्हा म्हटलं, पुन्हा हशा. मी ओवायला बघत होतो आणि मला सुई दिसेना. किती वेळ गेला माहीत नाही. मग मी दोरा सुईच्या शेजारून पुढे नेला, दुसऱ्या बाजूने चिमटीत पकडला आणि ओढला. ओवल्यासारखं केलं. सुस्कारा आला नाही, पण टाळ्या आल्या. मुलगा आत आला, नाटक पुढे सरकलं.

मध्यंतरात निर्माते पेढे घेऊन विंगेत हजर. "प्रेक्षक नाटकात भाग घेतोय, सर! असं कुठं बघितलंय?"

घरी जाताना स्कूटरवर मागून बायको म्हणाली, "आज सुई ओवलीच नाहीत."

"कुणाला कळलं?"

"मला कळलं ना."

मी स्कूटरचा वेग वाढवला. फार चिडलो होतो, तिच्यावर, बाल्कनीवर, आणि ज्या चेहऱ्यापायी हे सगळं झालं त्या चेहऱ्यावर.

त्यानंतर प्रत्येक प्रयोगाला ती आरोळी येऊ लागली. नाशिकला आली, कोल्हापूरला तर तीनदा आली. निर्मात्यांनी दिग्दर्शकाला सांगितलं की आरोळीला जागा ठेवा, लोक त्यासाठी येतात. दिग्दर्शक दोन दिवस रुसला आणि तिसऱ्या दिवशी त्याने जागा ठेवली. मुलाचं काम करणाऱ्या नटाने तर आरोळी हाच आपल्या प्रवेशाचा इशारा ठरवून टाकला. हशा ओसरला की तो आत. त्याचं ताटकळणं संपलं. आणि त्या गोंधळात खरी सुई ओवणं कुणालाच शक्य नाही, हे मी स्वतःला पटवून दिलं. प्रयोगाच्या दिवशी सकाळी चहा झाला की मी गॅलरीत चष्मा लावून बसतो, सुई ओवतो आणि शर्टाच्या खिशाला टोचून ठेवतो. एका झटक्यात ओवली जाते. रंगमंचावर फक्त बोटं हलवायची आणि ओढायचं. ओवलेली सुई, निर्माते म्हणाले होते तशी. त्यासाठी मालिकेतला सासराही चालला असता, हे मला समजत नव्हतं असं नाही. बायको गॅलरीत येऊन बघते आणि आत जाते.

गेल्या महिन्यात असाच दुपारचा प्रयोग होता. तो सिनेमा आता जुना झालाय. पोरांना नवं वाक्य मिळालंय, दुसऱ्या कुणाच्या तरी तोंडचं. पडदा उघडला. टाळ्या पडल्या, पण बेताच्या. मी सुई उजेडाकडे धरली. खोटाच पहिला प्रयत्न, खोटाच दुसरा. पिशवी थांबली. खोकला थांबला. मी आरोळीची वाट बघत होतो. ती आली नाही. बाल्कनी गप्प होती. अख्खं नाट्यगृह पुढे झुकून माझ्या हातांकडे बघत होतं, अगदी पूर्वीसारखं. विंगेत मुलगाही इशाऱ्याची वाट बघत थांबला होता. आरोळीशिवाय आत कसं यायचं हे तो विसरला होता. वेळ वाढत चालला आणि त्याचा धीर सुटला. विंगेतून तो कुजबुजला, पण पार खालपर्यंत ऐकू गेलं, "अहो, काहीतरी बोला ना!"

कुणी हसलं नाही. पहिल्या रांगेतल्या एक वयस्क काकू विंगेकडे वळल्या आणि कडक आवाजात म्हणाल्या, "शूऽऽ! त्यांना दोरा ओवू द्या की जरा."

पुन्हा शांतता झाली. मी इतकी वर्षं ज्या शांततेसाठी जगलो ती समोर बसली होती, श्वास रोखून. तिला माझ्याकडून एकच काम हवं होतं, आणि ते मी सकाळीच गॅलरीत उरकून आलो होतो.